कोपऱ्यातला ढोल

"माझा संतोष सकाळपासून गायब आहे! आणि त्याच्या संघटनेची मंडळी आज इसाकभाईंचं गाद्यांचं दुकान पेटवणार आहेत. फोनवर बोलताना ऐकलं मी." संतोषची आई मनीषा एका दमात म्हणाली.

पंचवटीतल्या खाजगी गुप्तहेर तृप्तीने आधी पोलिसांना आणि इसाकभाईंना फोन केला. मग विचारलं, "जाताना काय नेलं त्याने?"

"त्याने आणलेला पेट्रोलचा कॅन पलंगाखालीच आहे. ढोलाचं टिपरू तेवढं नेलंय. कुणाचं डोकं फोडायला, कोण जाणे! बारावी नापास झाल्यापासून त्या संघटनेच्याच नादी लागलाय."

तृप्तीची मदतनीस गोजरामावशी हळहळली. तिच्या लहानपणी पोरगं नापास झालं की गल्ली त्याला ओरडायची, पण जेवायलाही हाक मारायची.

तृप्तीने गाठलं तेव्हा संघटनेचा म्होरक्या राजू बेफिकीर होता. "बारावी नापास झाल्यावर सगळ्यांनी टाकलं त्याला. आम्ही खुर्ची दिली, वाघ म्हटलं. आज फोन उचलत नाही नेभळट! सापडला तर कळवा."

मग तिघी संतोषच्या जुन्या ढोलपथकाच्या गोदामात गेल्या. पथकाचा प्रमुख सोमनाथ मात्र नजर चुकवत होता. "संतोष? वर्षभर पाहिला नाही. नापासांना पथकात ठेवत नाही, नियमच आहे."

"सराव चालू आहे?" तृप्तीने विचारलं.

"छे! गणपती झाले की बंद. दोर सैल करून ठेवतो, नाहीतर ढोलाचं कातडी पान फाटतं."

मावशी एका ढोलावर टेकली. भद्द आवाज आला. तृप्तीने कोपऱ्यातल्या ढोलावर थाप मारली. धम्म!

"ढोल काय बडवतेस, पोर शोध की!" मावशी वैतागली.

"सापडलं, मावशी. सगळे ढोल सैल, हा एकच कसलेला. म्हणजे आज कुणीतरी वाजवलाय. टिपरू नेणारा आणि पेट्रोल घरी सोडणारा मुलगा मारामारीला जात नाही. सोमनाथभाऊ, बोलवा त्याला."

"राजूची पोरं मागावर आहेत, म्हणून खोटं बोललो," सोमनाथ पुटपुटला.

संतोष माळ्यावरून उतरला. "वर्षभर कुणी माझं नाव घेतलं नाही, आई. राजूकडे रोज घ्यायचे. द्वेष करायला मग शिकलो. काल दुकानावर पाळत ठेवून उभा होतो, तेव्हा सोमनाथदादाने हाक मारली. म्हणाला, तुझा ढोल अजून कुणाला दिला नाही."

मनीषाने मारायला हात उगारला. त्याच्या तळव्यावर ढोल वाजवून आलेले फोड दिसले, आणि तिने तो तळवाच हातात घेतला.

"आधी पोलीस, राजूचं नाव सांगतो," संतोष म्हणाला. "मग इसाकभाईंकडे जातो. त्यांच्या डोळ्यांत बघायची भीती वाटते, पण जातो."

"मी येतो बरोबर," सोमनाथ म्हणाला. "नापासांचा तो नियम मोडतोय मी."

दारात संतोष वळला. "मावशी, त्या ढोलाचे दोर सैल करू देऊ नका."

मावशी ढोलाशेजारी ठाण मांडून बसली.