कॅमेऱ्यामागचा श्वास

लिफ्ट बंद होती, म्हणून तो चार जिने चढून आला. मी दाराकडे पाठ करून एडिटिंगला बसले होते. मागे कुणीतरी धापा टाकत थांबलं — दोन आखूड श्वास, मग एक लांब, आणि शेवटी नाकात बारीकशी शीळ.

"या, कॅमेरामन," मी न वळताच म्हटलं.

"आपण... भेटलोय कधी?"

"नाही. पण तुमचा श्वास रोज कापते मी."

खरंच कापत होते, तीन वर्षं. आमचे माहितीपट छोटे. कॅमेऱ्याच्याच माइकवर आवाज घ्यायचा. चित्र हलू नये म्हणून हा शॉटभर श्वास रोखून धरायचा आणि शॉट संपला की सोडायचा. मिठागरातली बाई, खाणीतून वर येणारे काळे चेहरे, सर्कशीतला म्हातारा विदूषक... प्रत्येकाच्या शेवटी तोच श्वास. डोळा त्याचा, श्वास त्याचा. कात्री तेवढी माझी.

"कापून फेकून देता?" खुर्ची ओढत त्याने विचारलं.

"मग काय, लोणचं घालू?"

तो हसला. मी मात्र खोटं बोलले होते. एकेक श्वास मी वेगळा ठेवला होता, फोल्डरला ‘किरकोळ’ नाव देऊन.

त्यानंतर तो शूटिंगची कार्डं स्वतःच आणून द्यायला लागला. लिफ्ट दुरुस्त झाली तरी जिन्यानेच. "व्यायाम होतो," म्हणायचा. घरी आत्या कुरकुरायची, "लग्नाचं काढलं की कानाला ती डबडी लावतेस. ऐकतेस तरी काय एवढं?" काय सांगणार तिला...

मग त्याला मोठा सिनेमा मिळाला.

"दीड वर्ष," शेवटचं कार्ड टेबलावर ठेवत तो म्हणाला. "तिकडे आवाजाला वेगळी माणसं. माझा श्वास कुणाला ऐकू यायचा नाही."

"सुटलात."

"तुम्ही सुटलात."

जिन्यापाशी तो घुटमळला. मीही दारातच उभी राहिले.

कार्डात दीपगृहाच्या रखवालदाराची बायको होती. खिडकीत बसून नवऱ्याची वाट पाहणारी. शॉट लांबच लांब. शेवटी तो श्वास, आणि त्याच्या मागून हलकेच — "हा कापू नका."

महिने गेले. दुसऱ्यांची कार्डं यायची, स्वच्छ, मुकी. माहितीपट जुळत आला तेव्हा दिग्दर्शकबाई म्हणाल्या, "शेवटी कुणाचातरी श्वास राहिलाय बघ."

"खिडकीतल्या बाईचाच आहे," मी म्हटलं. त्याचे शब्द काढले. श्वास ठेवला.

पहिल्या खेळाची तारीख-वेळ त्याला कळवली, बस, तेवढंच. उत्तर आलं नाही. शेजारच्या खुर्चीवर मी पिशवी ठेवली. तिघांनी विचारलं, कुणी आहे का? आहे, म्हटलं.

अंधार झाला. शेवटी खिडकीतली ती आली, आणि तो श्वास. पुढची बाई पुटपुटली, "बिचारी, केवढा उसासा टाकला."

मग पुन्हा तेच... दोन आखूड, एक लांब, बारीकशी शीळ. या वेळी पडद्यावरून नाही. माझ्या खुर्चीमागून.

"इथली लिफ्ट चालू आहे," मी कुजबुजले.

"माहीत आहे." तो पुढे वाकला. "कापला नाहीत."

"नको म्हणालात ना." मी अजून वळले नव्हते. "बाकीचेही आहेत माझ्याकडे. पहिल्यापासूनचे... सगळे."

मागची शीळ थांबली. श्वास रोखून धरला होता त्याने.

मी पिशवी उचलून मांडीवर घेतली.