उकंड्याचा तांब्या

कंदिलाची वात जरा खाली करा, डोळ्यांवर येते. हं, आता ऐका.

महाराष्ट्र नवा नवा झाला होता, त्या दिवसांतली गोष्ट. चिखलीच्या रस्त्याला लोकांच्या वर्गणीवर चाललेला अपघाताचा दवाखाना होता. कोणाचा हात कापसातली सरकी काढायच्या जिनिंगच्या यंत्रात गेलेला, कोणी गाडीखाली आलेला. सगळ्यांना फुकट ठेवून घेत. नियम मात्र कडक. जखमा चिघळतात म्हणून घरच्यांनी वार्डात पाय ठेवायचा नाही. ते मागच्या टिनाच्या छपरीत राहत, अन् आपल्या माणसाच्या खाटेवरच्या खिडकीत बाहेरून पाण्याचा तांब्या ठेवत. खिडकी बाहेरून पुरुषभर उंच, आतून खाटेच्या हाताशी. आतलं माणूस दिसत नसे, तांब्या घेणारा हात तेवढा दिसे.

उन्हं कलली की सुभद्राबाई विहिरीवर जायची अन् भरला तांब्या शेवटच्या खिडकीत ठेवायची. तिचा लेक तिथं होता. आधीची लेकरं जगली नाहीत, म्हणून ह्याला जन्मताच उकिरड्यावर टाकून उचलला अन् नाव ठेवलं उकंडा. मरणाला किळस यावी म्हणून. जिनिंगमध्ये त्याचा उजवा हात गेला. खिडकीत डावा यायचा, तांब्या घेऊन जायचा. लहानपणापासून त्याची खोड, तळाशी एक घोट ठेवायचा. म्हणायचा, "माय, हा तुह्या वाटचा." परत आलेल्या तांब्यातला तो घोट पिऊन सुभद्रा समजायची, लेक जिता आहे.

संक्रांतीच्या तोंडावर उकंडा गेला. नदीवर नेऊन त्याला जाळलं.

तिकडे रीत अशी, की गेल्या माणसाचा तांब्या त्याच्या जागी उपडा घालायचा अन् मागं न पाहता निघायचं. नाही तर तहानलेला जीव पाण्यापाशी अडकतो. सुभद्रा तांब्या घेऊन खिडकीशी गेली, पण हात काही वळेना. तिनं तो भरला अन् ठेवला. थोड्या वेळानं खाली काढला, तर तळाशी एक घोट होता.

ती छपरीतच राहिली.

दवाखान्याची आया अंबूबाई म्हणाली, "काऊन वं सुभद्रे, दवा फुकट, छपरी फुकट, म्हणून संसारच मांडतं का इथं?"

"पोरगा पाणी पेऊन राह्यला," सुभद्रा म्हणाली. "त्याले टाकून कशी जाऊ?"

अंबूबाईच्या तोंडचं हसू गेलं.

मग त्या खाटेवर जानराव आला. जवान पोरगा. कापसाची गाडी मांडीवरून गेलेली. बाकी अंग, हात धड. त्याच्या आईनं, बनाबाईनं, सुभद्राच्या तांब्याशेजारी आपला तांब्या ठेवला. दोन्ही तांबे रिकामे व्हायचे अन् जानराव आत पाणी पाणी करायचा. त्याची जीभ टाळूला चिकटली. डोळे आत गेले.

दिवेलागणीला अंबूबाई छपरीत आली. बनाबाई तिच्यामागं होती.

"पोरगा म्हणते, मी हात लांबवतो... त्याच्या आधी दुसराच हात येते," अंबूबाई हळूच म्हणाली. "मी चमच्यानं पाजलं. घशाखाली उतरतच नाही."

सुभद्रा चुलीतली राख उकरत राहिली. "मंग माह्या लेकराचा काय गुन्हा?"

"काहीच नाही बाई," बनाबाई खाली बसली. "माह्याचाही नाही. तुह्यावानी मलेही एकच हाय."

 मग सुभद्रा उठली.

खिडकीतून औषधाचा वास येत होता, अन् त्यात मिसळलेला जिनिंगच्या सरकीचा. तिनं आपला तांब्या उचलला. आतून डावा हात आला. पंजा उघडा. सुभद्रानं बोटं धरली. गार होती, ओली होती, पण तिच्या लेकाचीच होती.

"उकंड्या... पाणी सरलं रे बापा... जा आता."

तिनं तांब्या उपडा घातला. पाणी भिंतीवरून ओघळलं. बोटं तिच्या मुठीतून हळूहळू निसटली. आत कोणीतरी बनाबाईच्या तांब्यातलं पाणी घटघटा प्यालं, अन् जानराव म्हणाला, "अजून."

होळीच्या सुमाराला जानराव काठी टेकत बाहेर आला. गाडी जुंपली होती. सुभद्रा अजून छपरीतच होती; वाटेत तहान लागेल म्हणून तिनं आपल्या तांब्यातून पाणी दिलं. उकंड्याला त्यानं कधी पाहिलं नव्हतं.

त्यानं डाव्या हातानं तांब्या घेतला. प्याला, थांबला, अन् तळाशी पाहिलं.

"माय... हा तुह्या वाटचा."

बनाबाईनं हात पुढं केला. पण तो तिच्याकडे पाहतच नव्हता.

सुभद्रानं तो घोट घेतला. गाडी निघाली. बनाबाई लेकाचं तोंड पाहत नव्हती. त्याचा धड उजवा हात मांडीवर निपचित पडला होता. गाडीला हिसका बसला की तो घसरायचा, अन् जानराव डाव्या हातानं उचलून पुन्हा मांडीवर ठेवायचा.