भिंतीची दुसरी बाजू

वैशाखात जळगावला दुपारी कुणी कुणाकडे जात नाही. कॉलनीतल्या खिडक्या बंद, कूलरची घरघर, वाळ्याचा ओला वास. संघमित्राला या दुपारी आवडायला लागल्या होत्या. तंत्रनिकेतनाला सुट्टी लागली होती आणि पुढच्या वर्षी तिला कॉम्प्युटर ग्राफिक्स शिकवायचं होतं. आजवर तिने तयार साधनं वापरून चित्रं उमटवली होती. ती आत कशी घडतात हे तिला धड ठाऊक नव्हतं. म्हणून तिने ठरवलं, या वेळी काही उसनं घ्यायचं नाही. पडद्यावरचा एकेक ठिपका आपण लिहिलेल्या प्रोग्रामनेच रंगवायचा.

ठिपक्यांची रेघ झाली, रेघांचा त्रिकोण झाला. पहिला भरीव त्रिकोण उमटला तेव्हा तिने वडिलांना हाक मारली. सुपडूआबा रेल्वेतून निवृत्त झालेले. त्यांनी पडद्याला जवळजवळ नाक लावलं आणि विचारलं, ही ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी कुणी मोडली.

त्यांना नाक लावूनच पाहावं लागे. काचबिंदूने नजर कडांकडून मिटत आली होती. गेलेली परत येत नाही, उरलेली किती टिकेल ते सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणाले होते. त्या भेटीहून परतताना रिक्षातच संघमित्राच्या मनात आलं, त्रिकोणच जोडायचे तर आबांचं घर का जोडू नये?

ते घर तिने कधी पाहिलं नव्हतं. मुक्ताईनगरच्या बाजूला तापीकाठी आबांचं गाव होतं. धरणाचं पाणी मागे चढत आलं तेव्हा वस्ती माळावर हलली आणि जुनं गाव बुडालं. ती तेव्हा जन्मलीही नव्हती. फोटो एकही नव्हता. होते ते फक्त आबा.

मग रोज दुपारी आबा सांगत आणि ती जागा-मापं भरत जाई. धाब्याचं, मातीच्या सपाट छताचं घर, दोन खण. पुढे ओटा, पांढऱ्या मातीने पोतारलेला. दाराची चौकट बुटकी, आबांचे वडील दर वेळी तिच्यावर डोकं आपटायचे. सांगताना आबांची नोकरीतली मराठी गळून पडे आणि मूळची बोली वर येई. 'तठी रांजण व्हता,' म्हणत ते हवेतच बोट ठेवत आणि तिथे जणू रांजण असल्यासारखं बोट ओलं झालंय का ते चोळून पाहत. त्या दुपारी ती विसरणार नव्हती. आईच्या मागे आबा एवढे कधी बोलले नव्हते.

प्रोग्राम मात्र सावकाश चाले. चित्र वरून खाली एकेक ओळ करत उतरे आणि उतरेल तसं साठवलं जाई. वेळ वाचावा म्हणून तिने भिंतींना एकच बाजू दिली होती, बाहेरची. सूर्यही एकच, डोक्यावरचा.

सूर्य लावला त्या दिवशी अंगणात सावली पडली. घराची नव्हे. बारीक, जाळीदार, पानांची. संघमित्राने झाड भरलंच नव्हतं. हिशोबात चूक आहे असं समजून तिने सगळी सकाळ ती शोधली. चूक सापडली नाही. आबांनी पडद्यावरून हळूहळू नजर फिरवली आणि ते हसले.

"तो निंब. तुले सांगाचा राहिला."

योगायोग असेल, असं तिने स्वतःला बजावलं. तपासून पाहायला सूर्य पश्चिमेला नेला. जाळी पूर्वेकडे सरकली, अगदी नियमाने. ती दारापाशी पोचली तिथे आणखी एक सावली होती. बसलेली. गुडघे जवळ घेतलेली.

आबांनी चहा मागितला आणि कप हातात तसाच धरून ठेवला. मग त्यांनी सांगितलं की त्यांना धाकटा भाऊ होता. अभिमन. मिसरूड नुकती फुटलेली. गाव सोडायच्या दिवशी तो उंबऱ्यावर बसून राहिला. तुम्ही व्हा पुढे, मी येतो, म्हणाला. गाडी सामान टाकून परत आली तेव्हा घर मोकळं होतं. पाणी अजून लांब होतं. कुणी म्हणालं सुरतेला गेला, कुणी म्हणालं धुळ्याला दिसला. सगळीकडे शोधलं. पुढे त्याचं नाव निघालं की आबांची आई उठून जायची, म्हणून नाव निघणं बंद झालं.

"तो असाच बसे," आबा म्हणाले. "घराकडे पाठ करून, निंबाकडे पाहत."

कप खाली ठेवून ते म्हणाले, "आतून दाखव मले."

आत काही नाही, तिने समजावलं. भिंतींना आतली बाजूच नाही, नुसतं काळं दिसेल. त्यांना ते पटेना. शेवटी त्यांची समजूत पटावी म्हणून तिने पाहणाऱ्याची जागा दाराच्या आत नेली आणि प्रोग्राम चालवला.

पहिल्या ओळी काळ्या उतरल्या.

मग त्या काळ्यात तुळया दिसू लागल्या. ते काळं धुराचं होतं.

आबा खुर्चीवरून पुढे झुकले. कूलरचं पाणी संपून नुसती वाफ येत होती, पण संघमित्राच्या हातांवर गारवा चढत होता. शेणाने सारवलेल्या जमिनीचा तो गारवा तिला ओळखीचा नव्हता. तो शेणाचा आहे हे तरी तिला कसं कळलं?

चौकट आली. तिच्यापलीकडे उजेडाचं अंगण, निंबाचा शेंडा.

चौकटीच्या मधोमध केस आले. दाट, काळे, तेल लावलेले.

"राहू दे, बाई," आबा म्हणाले.

तिने प्रोग्राम थांबवला. खालचं चित्र कोरं राहिलं. आबांनी पडद्यावर तळवा टेकवला आणि तसाच ठेवला. "आतून अंगण असंच दिसे," ते म्हणाले. त्यांचा चेहरा निवांत होता.

तिने लॅपटॉप बंद केला, वायर काढली, कपाटात ठेवून दिला.

दुसऱ्या दुपारी आबांनी कालचं चित्र मागितलं. पुन्हा चालवू नको, आहे तेवढंच लाव, म्हणाले. तिने साठवलेलं चित्र उघडलं. आबा मागून खुर्ची ओढत जवळ येत होते.

चित्र कालच्यापेक्षा थोडं खाली उतरलं होतं.

केस तेच होते. पाठमोऱ्या माणसाचे. त्यांच्याखाली आता मान यायला हवी होती.

भुवया होत्या.