आक्काचा दिवस उगवेना

१९३४ सालचा वैशाख. निपाणीच्या उन्हात, तंबाखूच्या खकाण्याने शिंकत मी उत्तर ध्रुवाच्या सफरींचा इतिहास लिहीत होतो. गावाला त्याची मोठी गंमत वाटे. मी इतिहासाचा मास्तर. पुराव्यावाचून बोलायचं नाही, ही माझी खोड.

लिहिलेलं सगळं राजमतीआक्काला वाचून दाखवी. आई गेल्यावर या बहिणीनेच मला वाढवलं. नॉर्वेच्या जुन्या वीरकथा तिला फार आवडल्या. मग बर्फात अडकलेल्या जहाजाचं प्रकरण आलं. तिथे हिवाळ्यात महिनोन्‌महिने सूर्य उगवत नाही, हे ऐकून ती थबकली.

"मग ती माणसं जेवत्यात कवा रं?"

आम्ही जैन. दिवस मावळल्यावर आमच्याकडे जेवण नाही. आक्का तर पाणीही घेत नसे.

"अंधारातच जेवत्यात की," मी हसून म्हणालो.

ती हसली नाही.

दुसऱ्या दिवशी तिने वाढलेलं ताट सरकवलं. "दिवस उगवू दे की." बाहेर ऊन रणरणत होतं. मला वाटलं, चेष्टा करते. पण त्या दिवशी तिने पाणीही घेतलं नाही, आणि पुढच्या दिवशीही. अंगणात बसून दक्षिणेकडे टक लावून बघत राहिली. डॉक्टरांनी हात टेकले. ताप नव्हता, डोळे ठणठणीत होते. पाय मात्र गारठलेले आणि ओठ थंडीने फुटावेत तसे फुटलेले. मी पुरता घाबरलो. तिच्याशिवाय मला होतं कोण?

"कुठं हायस गं, आक्का?"

"जहाजावर. बाकीची जेवत्यात. मी थांबलीया."

बुडत्याला काडीचा आधार. तिच्याजवळ अंगणातच बसून मी पुढचं प्रकरण लिहिलं आणि मोठ्याने वाचलं. लांबलेल्या रात्रीनंतर तिकडे सूर्य दक्षिणेलाच उगवतो; तशी त्याची कडा दिसली. खलाशी टोप्या उडवत धावले.

"उगवला रं!" आक्काचा चेहरा फुलला.

मी धावत भाकरी-आमटी आणली. ती घटाघटा पाणी प्यायली, मग तिने घास मोडला. मला रडूच आलं.

"दमानं खा."

"दमानं कसं? पयल्या दिशी त्यो जरा वेळच दिसतोय. तूच वाचलंस न्हवं?"

भर दुपार होती. माझी सावली पायाशी गोळा झाली होती. आक्काची मात्र उत्तरेला पसरत पार विहिरीपर्यंत गेली होती.

मी बघतच राहिलो.

तोंडाशी नेलेला घास तिने ताटात ठेवला.

"मावळला."

मी विहिरीकडे पाहिलं. मग तिच्या पायांकडे.

टळटळीत उन्हात बसलेल्या आक्काला सावलीच नव्हती.