चारशे बारावी भेंडी

केतकीचा हात त्या निळ्या कॅसेटपासून जेमतेम चार बोटं लांब होता. तेवढ्यात बाजूने सिमेंटचे डाग पडलेला एक हात आला आणि कॅसेट उचलून घेऊन गेला.

“भैया, ये वाली दे दो,” हाताचा मालक दुकानदाराला म्हणाला.

केतकी बघतच राहिली. गुडगावहून खच्चून भरलेली बस, मग दुसरी बस, मग करोल बागेतली ही गर्दी… असं करत ती सलग चौथ्या शनिवारी या जुन्या व्हिडिओ गेमच्या दुकानात आली होती. दर खेपेला दुकानदार ‘अगले हफ्ते पक्का, मॅडम’ म्हणायचा. आज तो पक्का हफ्ता उजाडला, आणि कॅसेट चालली या… या धुळकट माणसाबरोबर!

“एक मिनट। ये मैंने मँगवाई थी।”

“अच्छा?” त्याने कॅसेट उलटसुलट करून पाहिली. “कहीं नाम तो नहीं लिखा।”

वर हसला. गालाला खळी वगैरे. केतकीच्या डोक्यात तिडीक गेली.

“मेला कुठला!” ती पुटपुटली.

तो गर्रकन वळला. “तुम्ही मराठी? आणि मेला म्हणजे… डेड ना? मी तर अजून जिवंत आहे.”

त्याचं नाव नचिकेत. जन्म दिल्लीचा, वडील केंद्र सरकारच्या नोकरीतून निवृत्त झालेले, घर तिथेच करोल बागेत. गुडगावात जे नवे टॉवर उभे राहत होते, त्यातल्या एकावर तो साइट इंजिनिअर होता. केतकी पुण्याची. दोन वर्षांपूर्वी गुडगावच्या एका कंपनीत आलेली, दुसऱ्यांच्या सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधायचं काम करणारी. चूक दिसली की तिला गप्प बसवत नसे. आणि इथे तर चूक समोर उभी राहून हसत होती.

“अहो, मला ती खरंच हवीय. आठ वर्षं लागलीत मला इथवर यायला.”

“आठ वर्षं? कुठून येता… फरीदाबादहून?”

शेवटी दुकानाबाहेर, छोले-कुलच्यांच्या गाडीशी उभं राहून तिने त्याला सगळं सांगितलं. गेमचं नाव ‘मॉन्झू’. रानावनातून, तळ्याकाठून, गुहांमधून हिंडायचं आणि चित्रविचित्र प्राणी पकडायचे. या मालिकेतले चार गेम निघाले होते आणि चारही मिळून प्राणी होते चारशे बारा. जुन्या गेममधला प्राणी केबल जोडून नव्यात आणता यायचा. ती अकरावीत असताना सिंगापूरच्या मामाने पहिल्या गेमची लाल कॅसेट आणून दिली, तेव्हापासून तिने एकेक करत चारशे अकरा गोळा केले होते. राहिला होता एक – वेल्काना. हिरवा, झोपाळू, सरड्यासारखा. तो फक्त पहिल्या गेमच्या निळ्या कॅसेटमध्ये असतो, आणि एका कॅसेटमध्ये एकच.

“बाबा म्हणतात, केतकी सगळं सुरू करते आणि अर्धवट सोडते. कथक सोडलं, जर्मन सोडलं… हे एक मला पूर्ण करायचंय.”

नचिकेतने कुलच्याचा तुकडा तोंडात टाकला. जरा विचार केला.

“मग असं करू. मी पकडतो आणि तुम्हाला देतो. कॅसेट माझी, पाल तुमची.”

“पाल नाही! वेल्काना.”

“ओके, वेल्काना.”

“किती दिवस लागतील?”

“बघू ना यार… आरामात.”

आरामात! पुढचे दोन महिने केतकीला या शब्दाने छळलं.

ती मेसेज करायची – ‘गुहेपर्यंत पोहोचलात का?’ उत्तर यायचं – ‘नाही. तळ्याकाठी एक बदक भेटलं. दोस्ती झाली.’ ती ऑफिसात बसल्या जागी कपाळावर हात मारून घ्यायची. एका संध्याकाळी वळायचा रस्ता, लढायचा क्रम, घ्यायच्या औषधी असं सगळं कागदावर लिहून तिने त्याला दिलं. त्याने त्या कागदाची सुंदर घडी घातली आणि खिशात ठेवली. आठवड्याने पाहिलं, तर कागद खिशातच आणि हा बदकाला नाचायला शिकवत होता.

“तुझा ना मला वैताग येतो!” ती फोनवर ओरडली. ‘अहो’वरून ‘अरे’वर आपण कधी आलो, ते तिच्या लक्षातही आलं नाही.

“वैताग म्हणजे?”

“म्हणजे तू!”

“अच्छा,” तिकडून समाधानाचा आवाज आला. “छान शब्द आहे.”

डिसेंबरच्या शेवटी एकदाचा वेल्काना सापडला. केतकी ऑफिस सुटल्या सुटल्या रिक्षाने त्याच्या साइटवर गेली. तिने छोटा पडदा डोळ्यांजवळ धरला… आणि तिचा श्वासच अडकला.

“नचिकेत. इतका दुर्मीळ प्राणी, आणि तू याचं नाव भेंडी ठेवलंस?”

“हिरवी आहे ना.”

“अरे, हे नाव आता कुणालाच बदलता येणार नाही! माझ्या चारशे बारांमध्ये एक भेंडी असणार… जन्मभर!”

“वाह,” तो म्हणाला. इतका मनापासून खूश होऊन म्हणाला, की तिला चिडणं सुरू ठेवायला कष्ट पडले.

आणि मग भेंडी मिळेना. आज स्लॅब टाकायचाय, उद्या धुकं फार आहे, परवा केबल घरी राहिली! खरं कारण तिला आपोआप कळलं. साइटवर जेवायला बसला की तो मांडीवर गेम उघडायचा आणि भेंडीला खाऊ घालायचा.

“संक्रांतीला देतो. पक्का,” शेवटी तो म्हणाला. “आमचं मराठी मंडळ दर वर्षी पानिपतला, तिथल्या लढाईच्या स्मारकाला, काला अंबला जातं. आई पण येणार आहे. तू चल. बसमध्ये दोन तास बसायचंच आहे, तेव्हा देऊन टाकतो.”

चौदा जानेवारीला सकाळी बस निघाली. पुढे मंडळाचे भाऊसाहेब डोक्यावर कानटोपी घालून सगळ्यांची हजेरी घेत होते. केतकी आणि नचिकेत मागच्या बाकावर बसले. खिडकीबाहेर धुकं इतकं दाट, की रस्त्याकडेची झाडं हाताशी आल्यावर दिसायची. केबल जेमतेम हातभर. दोघांचे गेम जोडायचे तर खांद्याला खांदा लावून बसणं भाग होतं. त्याच्या स्वेटरला डांबराच्या गोळ्यांचा वास येत होता. एरवी तिला तो मुळीच आवडत नसे… आज मात्र तिने मान वळवली नाही.

“रडणार नाहीस ना?” तिने विचारलं.

“थोडा.”

“थोडं.”

“थोडं,” तो शहाण्यासारखा म्हणाला आणि त्याने बटण दाबलं.

त्याच्या पडद्यावरून एक हिरवा ठिपका निघाला. सरकत सरकत तिच्या पडद्याकडे यायला लागला. केतकीने श्वास रोखला. आठ वर्षं…

“घ्या गं, तिळगूळ घ्या!” नचिकेतची आई, हेमलताबाई, डबा घेऊन मागे आल्या. त्याच क्षणी ड्रायव्हरने करकचून ब्रेक लावला. बाईंचा तोल गेला, त्यांनी हाताला येईल ते पकडलं. हाताला आली ती केबल.

‘जोडणी तुटली’ एवढं दोन्ही पडद्यांवर आलं. केतकीने आपल्याकडे पाहिलं. वेल्काना नव्हता. तिने नचिकेतच्या हातातला गेम ओढून घेऊन पाहिला. तिथेही जागा रिकामी.

“काही तुटलं का रे?” हेमलताबाई घाबरून म्हणाल्या.

“नाही आई. काही बात नाही,” तो म्हणाला. त्याने तिळगूळ घेतला आणि तोंड खिडकीकडे वळवलं. पानिपत येईपर्यंत त्याने एकही विनोद केला नाही. ती शांतता केतकीला त्याच्या सगळ्या विनोदांपेक्षा जास्त असह्य झाली.

काला अंबच्या स्मारकापाशी भाऊसाहेब लढाईची हकिकत सांगत होते. माणसं हात जोडून उभी होती. हे दोघं जरा मागे थांबले.

“सॉरी,” ती म्हणाली. “मी मागे लागले नसते तर…”

“अगं, गेम आहे यार.” मग स्मारकाकडे बघत तो म्हणाला, “मी सातला साइटवर जातो. दिवसभर आरडाओरडा, हिशेब, भांडणं. दोस्त असा कुणी नाही तिथे. जेवताना ती असायची. वेडेपणा आहे… मला माहितीये.”

केतकीने पर्समधला आपला गेम चाचपला. तिच्याकडे चारशे अकरा प्राणी होते. त्यातल्या एकाचंही तिने कधी नाव ठेवलं नव्हतं. पकडला, नोंद झाली, पुढचा!

“कॅसेट दे मला,” ती म्हणाली.

“कशाला?”

“जुना खेळ पुसून पहिल्यापासून खेळला, की वेल्काना पुन्हा गुहेत असतो. मी आणते.”

“चल, म्हणजे तुझे चारशे बारा होतील,” तो म्हणाला. त्यात टोमणा नव्हता, म्हणूनच तिला जास्त लागलं.

पुढचे सहा आठवडे कंपनीच्या बसमध्ये केतकीची मान खाली असायची. आता मेसेज उलटे यायला लागले – ‘बदकाला भेटलीस?’ तिने लिहिलं – ‘वेळ नाही.’ मग वैतागून गेममध्ये मागे फिरली, तळ्याकाठी गेली आणि त्या मठ्ठ बदकाशी पूर्ण अर्धा तास घालवला. का, ते तिला स्वतःलाही सांगता आलं नसतं. रात्री जेवताना ती आठवून हसली, तेव्हा घरमालकीणबाईंनी तिच्याकडे संशयाने पाहिलं.

फेब्रुवारी संपता संपता वेल्काना सापडला. तिने त्याचं नाव ठेवलं – भेंडी.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती अकरा मजले चढून त्याच्या साइटवर पोहोचली. भिंती अजून उभ्या राहायच्या होत्या. उघड्या स्लॅबवर वारा सुटला होता आणि खाली, दोन टॉवरांच्या मधोमध, मोहरीचं एक पिवळंधमक शेत उरलं होतं. तिने धापा टाकत गेम पुढे केला.

नचिकेतने नाव वाचलं. पुन्हा वाचलं.

“ही तुझी कॅसेट,” ती म्हणाली. “आणि घे तुझी भेंडी.”

“नको.”

“नको काय?”

“तुझी चारशे बारावी आहे. आठ वर्षं, केतकी. ठेव.”

“अरे, मी हिला तुझ्यासाठी पकडलंय!”

“आणि बाबांना काय सांगशील? हे पण अर्धवट?”

“माझं मी बघेन! तू घे.”

“तू घे.”

“नचिकेत, सहा आठवडे मान मोडून…”

“तेच तर म्हणतो मी! तुझ्याकडे ठेव, मी बघायला येईन.”

“कुठे येशील? आमच्या घरमालकीणबाई पुरुषाला फाटकाच्या आत घेत नाहीत!”

“मग माझ्याकडे ठेवतो. तू येत जा.”

“रोज? गुडगावहून करोल बागेत? रोज?”

“रोज येशील?” त्याने अगदी हळू विचारलं.

“विषय बदलू नकोस! एकाच घरात असती, तर कुणाच्या गेममध्ये आहे याने काय फरक पडला असता? तुझ्याकडे काय, माझ्याकडे काय, शेवटी एकाच टेबलावर…”

ती थांबली. वाक्य थांबलं नाही, ते वाऱ्यावर तसंच राहिलं. खाली काँक्रीटचा मिक्सर खडखडत होता. केतकीच्या कानाच्या पाळ्या गरम झाल्या.

“पुन्हा बोल,” नचिकेत म्हणाला.

“नाही.”

“स्पीड जास्त होती. माझं मराठी कच्चं आहे.”

“तुला कळलंय.”

“कळलंय…” त्याने हातातलं हेल्मेट उगाच फिरवलं. पहिल्यांदाच तिला तो घाबरलेला दिसला. “मला हेच बोलायचं होतं, डिसेंबरपासून. मराठीत नीट बनतच नव्हतं. शेवटी आईला विचारलं, ‘मला तू आवडतेस’ बरोबर आहे ना? ती म्हणाली, आधी त्या मुलीला घरी आण, मग व्याकरण बघू.”

केतकीने हसू दाबायचा प्रयत्न केला. जमलं नाही.

“बरोबर आहे,” ती म्हणाली.

“काय?”

“वाक्य. एकही चूक नाही त्यात.”

त्याने गेम तिच्या हातून घेतला, बंद केला आणि तिच्याच पर्समध्ये ठेवून वर चेन लावली. मग म्हणाला, “चल. आई आत्ता घरीच असेल.”

“आत्ता? या अवतारात?”

“माझा बघ.”

लिफ्ट बसायची होती आणि जिन्याला कठडे नव्हते. पहिल्याच पायरीवर त्याने मागे हात केला. केतकीने तो धरला. अकरा, दहा, नऊ… एकेक मजला उतरत ते खाली आले. तळमजल्यावर जिना संपला, जमीन सपाट झाली. विटा वाहणाऱ्या बायका डोक्यावरच्या पाट्या सावरत थांबून बघायला लागल्या, वॉचमन खुर्चीतून उठून उभा राहिला.

“आता पडणार नाहीस,” नचिकेत हळूच म्हणाला.

“माहितीये मला,” केतकी म्हणाली, आणि हात न सोडता फाटकाच्या दिशेने चालू लागली.