पन्नास मीटरच्या आत

मी त्याला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तो माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीसमोर, धड पाऊस नाही न् धड बर्फ नाही अशा मार्चच्या चिखलात, लाल-पांढरा दांडा रोवून उभा होता. आणि हसत होता. एकटाच.

कारण नसताना हसणारी माणसं मला आवडत नाहीत. त्यातून ती जागा... त्या जागेवर उभं राहून कुणी हसलेलं मला मुळीच खपत नाही. पीठ लागलेल्या हातांनीच मी बाहेर पडले.

“काय रोवतोयस?”

“दांडा.”

“ते दिसतंय. कशाला?”

“अंतर मोजायला. तुझ्या भिंतीपासून पलीकडच्या त्या पिवळ्या घरापर्यंत.” त्यानं माझ्या हातांकडे पाहिलं. “वॉफल करतेयस?”

“तुझ्यासाठी नाही.”

“वास तर इथवर आला. मग वास कुणासाठी होता?”

असले प्रश्न विचारणाऱ्यांचा मला जास्तच राग येतो. “कुठला तू?”

“नूरस्ट्रांडचा. आस्लाक. पालिकेत नकाशे करतो.”

झालं. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

तीन वर्षांपूर्वी आमची हेलवोगची पालिका नूरस्ट्रांडच्या पालिकेत गेली. विलीनीकरण म्हणतात त्याला. मोठा मासा लहान्याला गिळतो तेव्हा कुणी असले गोड शब्द वापरत नाही. आमची पाटी गेली, शिक्क्यावरचा पाणकावळा गेला, डॉक्टर गेला. मग गावाच्या अगदी मधोमध असलेलं डॉक्टरांचं पांढरं दुमजली घर राहिलं. पालिकेच्या मालकीचं. त्याची डागडुजी परवडत नाही म्हणून नूरस्ट्रांडच्या लोकांनी ते एका दुपारी पाडलं. माझा जन्म त्या घरातला आहे. रस्ता बंद होता, आईला दवाखान्यात नेता येईना, म्हणून डॉक्टरांच्या जेवणाच्या टेबलावर. आता तिथे चिखल होता आणि चिखलात हा बुवा दांडा घेऊन.

“आधी घर पाडायचं आणि मग भोक मोजायला माणूस पाठवायचा,” मी म्हणाले. “नूरस्ट्रांडला पाणी उकळायलाही सभा घेतात म्हणे. हे पाडताना घेतली होती का?”

“मी तेव्हा तिथे नव्हतो.”

“सगळे असंच म्हणतात.”

एवढ्यात मागून बाबांचा आवाज आला. माझे बाबा रेइदार, जन्मभर कॉडमासळी धरली, बोलणं मात्र दिवसाला चार वाक्यं. त्यातलं एक त्यांनी इथे खर्च केलं. “सिग्नी, आत घे त्याला. नूरस्ट्रांडचा असला तरी भिजतोच आहे.”

आत घेतला. बसला. ब्राउन चीजचे तीन पापुद्रे वॉफलवर ठेवून खाऊ लागला, जसा काही इथलाच. कपाटात त्या दिवशी एकच कप धुतलेला होता, आईचा निळा. त्यात मी त्याला कॉफी दिली. आई गेल्यापासून त्या कपातून कुणी प्यायलं नव्हतं. का दिली, ते मला आजही सांगता येत नाही.

“नियम सोपा आहे,” तो म्हणाला. “घराला घर लागून हवं. दोन घरांमध्ये पन्नास मीटरहून जास्त अंतर नको. अशा सलग घरांत दोनशे माणसं राहत असली तर ती नागरी वस्ती. नाहीतर नुसती विखुरलेली घरं.”

“आणि पालिकेनं ठरवलंय की शाळा फक्त नागरी वस्तीत.”

“हो.”

“मी त्या शाळेत शिकवते.”

त्यानं कप खाली ठेवला. “मला माहीत नव्हतं.”

“आमच्या गावात दोनशेच्या वर माणसं आहेत.”

“आहेत. पण मधे हे अंतर पडलं तर खालचा गाव वेगळा, वरचा वेगळा. दोन्हीकडे दोनशे भरत नाहीत.” त्यानं पुन्हा कप उचलला. “मधे नदी असती, मैदान असतं, चर्चची दफनभूमी असती... तर ते अंतर धरत नाहीत. रिकामी जागा धरतात.”

“मग दफनभूमी करू. पहिला तुलाच पुरते.”

“वॉफल संपू दे. मग पुर.”

बाबा हसले. बाबा! मी तव्यावर झाकण आपटलं.

जाताना तो हातमोजे विसरला. राखाडी लोकरीचे, अंगठ्याला रफू केलेले. भिजलेले होते म्हणून मी ते शेगडीवर वाळत घातले... आणि आपण हे का करतोय म्हणून स्वतःवरच चिडले. दोन दिवसांनी तो हातमोजे न्यायला आला. आणखी तीन दिवसांनी पुन्हा विसरला. एप्रिलभर त्याचं गावात मोजमाप चाललं होतं, आणि तेवढ्या काळात त्या माणसाला निघताना एकदाही आपले हातमोजे आठवले नाहीत.

“तुझं डोकं मानेला शिवून घे,” मी एकदा म्हणाले. “नाहीतर तेही इथेच विसरशील.”

“शेगडीवर वाळत घालशील?”

मी तोंड फिरवलं. कारण हसू येत होतं, आणि ते त्याला दाखवायचं नव्हतं.

शेवटी एका संध्याकाळी धक्क्यावर मी त्याला सरळच विचारलं. फ्योर्डवरून, डोंगरांमधल्या त्या अरुंद खाडीवरून, गार वारा येत होता, नूरस्ट्रांडचे दिवे पलीकडे लागायला लागले होते. “आस्लाक, किती आहे ते अंतर?”

“सत्तरच्या आसपास.”

“पन्नास लिही.”

तो पाण्याकडे बघत राहिला.

“एक आकडा, बस. कोण बघायला येणार आहे? शाळा बंद झाली तर पोरं रोज बोगद्यातून बसने जाणार. मग पोरांच्या मागे आईबाप जाणार. मग मी.” माझा आवाज कापला, मला त्याचाही राग आला. “पन्नास लिही.”

त्यानं माझा गारठलेला हात घेतला आणि आपल्या कोटाच्या खिशात घातला, स्वतःच्या हातासकट. त्याचा अर्थ मी माझ्या सोयीने लावला.

आठवडाभराने शाळेच्या सभागृहात पालिकेची सभा झाली. सगळा गाव आला होता. आस्लाक उठला, त्यानं भिंतीवर नकाशा दाखवला. आमच्या गावाभोवती एक नाही, दोन रेघा होत्या, आणि मधे पांढरं. “अंतर एकाहत्तर मीटर,” तो म्हणाला. माझ्याकडे बघत म्हणाला, ते आणखी वाईट. अध्यक्षबाईंनी सांगितलं की शाळेचा शेवटचा निर्णय नव्या वर्षाच्या मोजणीवर होईल, पण आशा ठेवू नये.

मी उभी राहिले. “ते घर कुणी पाडलं? तुम्ही. भोक कुणी पाडलं? तुम्ही. आणि आता भोक आहे म्हणून शाळा बंद करणार कोण? तुम्हीच. चोर तो चोर वर शिरजोर.” लोकांनी टाळ्या वाजवल्या. मला टाळ्या नको होत्या. मी आस्लाककडे वळले. “आणि तू... माझ्या आईच्या कपातून कॉफी प्यायलास.”

टाळ्या थांबल्या. हेलवोगमध्ये तो कप कुणाला ठाऊक नाही?

तो माझ्यामागे माझ्या दारापर्यंत धावत आला. “सिग्नी, खोटं लिहिलं असतं तर पुढच्या वर्षी दुसरा कुणी येऊन खरं मोजणार. मग?”

“मग पुढच्या वर्षी रडलो असतो. तू यंदाच रडवलंस.”

“खोट्या आकड्यावर शाळा टिकत नाही.”

“खऱ्यावर कुठे टिकली?” मी घरात जाऊन शेगडीवरचे हातमोजे आणले आणि त्याच्या अंगावर फेकले. एकच लागला. दुसरा दारातच पडला. तो एक घेऊन गेला, दुसरा मी आत नेला. चिखलात टाकायला हवा होता. नाही टाकवला.

त्यानंतर तो आला नाही. मी शाळेत पोरांना सतरा मेच्या, म्हणजे राष्ट्रदिनाच्या, मिरवणुकीची गाणी शिकवत होते आणि चिडत होते. पोरांवर नाही, पोरांशी मी गोड बोलते. घरी मात्र बाबांनी एकदा विचारलं, “त्या दांड्याची काय चूक? जे होतं ते त्यानं दाखवलं.” दिवसाच्या चारातलं हे वाक्य मला फारच लागलं.

सतरा मे उजाडला. आईचा भरतकामाचा बुनाड, आमचा सणाचा पारंपरिक पोशाख, घालून मी पोरांच्या पुढे चालत होते. झेंडे, पुढे शाळेचा बँड, आणि बँडची म्होरकी आस्त्री, वय सत्तर, आवाज भोंग्यासारखा. कदाचित ही शाळेची शेवटची मिरवणूक, हे सगळ्यांना ठाऊक होतं, म्हणून सगळे जरा जास्तच मोठ्याने गात होते. आम्ही धक्क्याजवळ आलो आणि पोरांची रांग अचानक मोडली.

फ्योर्डमधून एक बार्ज, सपाट मालवाहू तराफा, येत होता. त्यावर जुन्या ओंडक्यांची रास, प्रत्येक ओंडक्यावर खडूनं आकडा. आमच्याकडे ओंडक्यांची घरं अशीच हलवतात, एकेक ओंडका सुटा करायचा, आकडे घालायचे, दुसरीकडे त्याच क्रमाने पुन्हा रचायचे. राशीवर आस्लाक बसला होता. एका हातात हातमोजा, दुसरा हात उघडा.

“सतरा मेला कुणी काम करतं का?” आस्त्री ओरडली. “लाज नाही?”

“बार्ज आजच मोकळा होता,” आस्लाक वरून म्हणाला. “बाकीच्या दिवशी सगळे काम करतात.”

बँड बंद पडला होता. मी पुढे झाले. “हे काय आहे?”

“माझ्या आजोबांचं घर. नूरस्ट्रांडच्या टेकडीवर रिकामं पडलं होतं.”

“आणि?”

“डॉक्टरांची जागा पालिकेनं विकायला काढली होती. मी घेतली. नोकरी सोडली. आपल्याच घराचं अंतर आपणच मोजायचं, हे बरं दिसत नाही. आता दुसरा येईल मोजायला.” तो खाली उतरला. “तुझ्या भिंतीपासून पन्नासच्या आत येतं, पिवळ्या घरापासूनही. खरं खरं.”

त्याला मिठी मारावीशी वाटली. साहजिकच मी चिडले. “मला विचारलंस?”

“नाही.”

“माझ्या खिडकीसमोर घर आणून टाकतोस, आणि मला विचारत नाहीस?”

“नव्या वर्षापर्यंत तुला काहीच विचारणार नाही.” तो इतक्या हळू बोलला की फक्त मला ऐकू आलं. “आत्ता हो म्हणालीस तर मला कधी कळणार नाही, ते मला होतं की शाळेला.”

सबंध गावासमोर, बुनाड घालून, मला तशीच पाठ फिरवून बँडला ‘वाजवा’ म्हणावं लागलं. पुढे सात महिने त्याचा सूड घेतला.

उन्हाळाभर गावाचं श्रमदान चाललं. खालचा गाव ओंडके वाहायचा, वरचा गाव रचायचा, आस्त्री सगळ्यांवर ओरडायची. बाबांनी छपरासाठी भूर्जाची साल सोलली. मी रोज वॉफल करून न्यायचे आणि आस्लाकला सर्वांत करपलेला द्यायचे. तोही तो मिटक्या मारत खायचा. विचारत नाही म्हणजे काय? समोरासमोर घर बांधतो, सकाळी उठून खिडकीतून हात हलवतो, आणि विचारत नाही. नोव्हेंबरात त्याच्या धुराड्यातून पहिला धूर निघाला तेव्हा मला इतका आनंद झाला की मी दिवसभर कुणाशी धड बोलले नाही.

नवं वर्ष आलं. नूरस्ट्रांडहून नवा माणूस आला, त्यानं मोजलं. फेब्रुवारीत नकाशा आला आणि तो शाळेच्या दारावर लावला. आमच्या गावाभोवती एकच रेघ होती, खालपासून वरपर्यंत, मधे डॉक्टरांच्या जागेवरून न तुटता गेलेली. शाळा राहिली. आस्त्री रडली आणि कुणी पाहिलं का म्हणून सगळ्यांकडे रागाने बघू लागली.

मी घरी आले. बाहेर धड पाऊस नाही, धड बर्फ नाही. दारावर टकटक झाली.

“माझा हातमोजा राहिलाय,” आस्लाक म्हणाला.

“दहा महिन्यांनी आठवला?”

“रोज आठवत होता.”

मी दारातच उभी राहिले. आत घेतलं नाही. “तुझ्या घरामुळे माझ्या खिडकीतून फ्योर्ड दिसत नाही.”

“माझ्या खिडकीतून दिसतो.” त्यानं घसा साफ केला. कानापर्यंत लाल झाला होता. “तिकडे राहायला येशील? इथे बाबा आहेत, हे घर रिकामं पडणार नाही. रेघ तुटणार नाही. आणि आता शाळेचं काही नाही... आता फक्त मी आहे.”

“हे विचारायला एवढे महिने लावलेस.”

“हो.”

“मला अजून राग आहे. नूरस्ट्रांडचा, त्या अध्यक्षबाईंचा, तुझा. पुढेही येत राहणार.”

“ठाऊक आहे,” तो म्हणाला. “तुझा राग मी वर्षभर मोजलाय. सलग आहे. मधे कुठे पन्नास मीटरची जागाच नाही.”

आतून बाबांचा आवाज आला, “सिग्नी, दार लाव नाहीतर हो म्हण. गारठा येतोय.”

मी शेगडीवरून हातमोजा काढला. वाळून, ऊन होऊन, अंगठ्याला माझं नवं रफू. पूर्ण जोर लावून त्याच्या अंगावर फेकला.

“हो,” मी म्हणाले.

या वेळी त्यानं तो झेलला.