नव्या घोंगडीचा मान

निमगाव केतकीच्या बाजारात दिपाली कुणाच्या तरी पायाला अडखळली. बघते तर, चांगला शिकलेला दिसणारा माणूस मेंढरांच्या वाटेत पालथा पडलेला, डोळ्याला चावी देऊन चालणारा सिनेमाचा कॅमेरा लावून.

"जिवंत हायसा न्हवं?"

"जरा हळू... खुरं चाललीत."

त्याचं नाव रविराज. मूळचा पिंपळीचा. आजोबांची मेंढरं होती, वडिलांनी ऊस लावला आणि हा पुण्याला जाऊन सिनेमा शिकला. त्र्याण्णव साल होतं. आपल्या मुलखावर त्याला असा माहितीपट करायचा होता, की ज्यात एकही चेहरा दिसणार नाही. नुसते हात, पाय, खुरं.

"चेहऱ्यानं तुमचं काय घोडं मारलंय?"

"चेहरे खोटं बोलतात. हात बोलत नाहीत." मग त्याची नजर तिच्या ओंजळीवर गेली. "हे चिंचोके कशाला?"

"घोंगडीच्या खळीला. सूत मी काढते, इनतात आमचं आबा."

दुसऱ्या दिवशी गडी दारात हजर.

चार दिवस तो तिची बोटं टिपत होता. लोकर ओढणारी, खळीचा कुंचा फिरवणारी. दिपालीनं एके दिवशी हिरव्या बांगड्या भरल्या, दुसऱ्या दिवशी अबोलीचा गजरा माळला. तो आपला म्हणायचा, "हात जरा डावीकडं..."

चौथ्या दिवशी त्यानं सहज विचारलं, "ही घोंगडी कुणासाठी?"

"रविवारी माळेगावचं पाव्हणं येत्यात. मला बघायला." तिनं कुंचा खळीत बुडवला. "आमच्यात नव्या घोंगडीचा पयला मान देवाचा. मग जावयाचा."

कॅमेऱ्याची घरघर थांबली. रविराजनं पहिल्यांदाच मान वर करून तिच्याकडं बघितलं आणि त्याच्या बोलण्यातलं पुणं कुठल्या कुठं गळून पडलं.

"तुमाला पसंत हाय?"

"मला कुणी इचारलंय?" ती म्हणाली. कुंचा मात्र एकाच जागी फिरत राहिला.

शनिवारी वाळलेली घोंगडी अंगणात अंथरली. आबाजींनी देवाच्या नावानं भंडारा वाहिला आणि ते जनावरांना वैरण टाकायला गेले. तेवढ्यात रविराज आला. त्यानं चपला काढल्या, कॅमेरा दिपालीच्या हातात दिला आणि सरळ घोंगडीच्या मधोमध मांडी घालून बसला.

आबाजी परतले ते जागच्या जागी थांबले.

"पिंपळीकर, पुण्याला राहून रीत इसरलात व्हय?"

"रीत ठाव हाय, आबा. म्हणून तर बसलोय."

आबाजी त्याच्याकडं बघत राहिले, मग लेकीकडं वळले. "दिपे, ह्याला उठवू, का माळेगावला सांगावा धाडू?"

दिपालीनं कॅमेरा डोळ्याला लावला होता. चावी फिरली, घरघर सुरू झाली.

"बसू द्या, आबा..." ती म्हणाली. "चेहरा खरं बोलतोय."

त्या माहितीपटात आजही सगळे हात, पाय आणि खुरंच आहेत. शेवटी तेवढा एक चेहरा येतो. तो सारखा हलतो, कारण टिपणारी हसत होती.